पोर्तुगीज भाषेतील आत्मवाचक क्रियापदे : स्वरूप, कार्य आणि मराठी भाषकांपुढील अर्थनिर्णयाचा प्रश्न

सारांश

पोर्तुगीज भाषेत 'से' या लघु सर्वनामाने युक्त असलेल्या क्रियापदांना आत्मवाचक क्रियापदे म्हणतात. प्राथमिक पाठ्यपुस्तकांत 'से'चा अर्थ 'स्वतःला' असा दिलेला असतो. तथापि प्रत्यक्ष भाषाव्यवहारात 'स्वतःला' हा त्याच्या अनेक अर्थांपैकी केवळ एक अर्थ आहे. परस्परवाचक, अवस्थांतरवाचक, अंगभूत, कर्मणी आणि अनिश्चितकर्तृक अशी अन्य कार्येही हेच सर्वनाम करते. मराठीत ही सर्व कार्ये निरनिराळ्या रचनांमध्ये विभागलेली आहेत. त्यामुळे 'से'ला मराठीतील एकच प्रतिशब्द देणे अशक्य आहे. प्रस्तुत लेखात या सहा कार्यांचे मराठी रचनांच्या संदर्भात विवेचन केले असून पोर्तुगीज कागदपत्रांच्या वाचनात त्यांचे महत्त्व काय आहे, हे स्पष्ट केले आहे.

बीजशब्द : आत्मवाचक क्रियापद, 'से' सर्वनाम, परस्परवाचकता, कर्मणी रचना, भावे प्रयोग, अर्थनिर्णय

प्रस्तावना

महाराष्ट्र आणि गोवा यांचा पोर्तुगीज भाषेशी आलेला संबंध दीर्घकालीन आहे. गोव्यात १५१० ते १९६१ या काळात पोर्तुगीज सत्ता होती. वसई १५३४ पासून १७३९ पर्यंत त्यांच्या ताब्यात होती. या संपर्काच्या खुणा मराठी शब्दसंग्रहात आजही आढळतात. चावी, पाव, बटाटा, काजू, अननस, घमेले, लिलाव, पगार हे शब्द मराठी माणूस परके मानत नाही. मात्र हे सर्व शब्द नामे आहेत, ही बाब लक्षणीय आहे. 'पगार' हा शब्द मुळात 'देणे, चुकते करणे' या अर्थाच्या 'पागार' या क्रियापदापासून आलेला असला, तरी मराठीत तोही नाम होऊनच स्थिरावला. शब्द आले, परंतु पोर्तुगीज क्रियापदांची घडण मराठीत आली नाही. म्हणूनच मराठी भाषक अभ्यासक जेव्हा पोर्तुगीज भाषा शिकू लागतो, तेव्हा शब्द ओळखीचे आणि वाक्य मात्र अनोळखी, असा अनुभव त्याला येतो. आत्मवाचक क्रियापदांच्या बाबतीत हा अनुभव विशेष तीव्र असतो.

हा प्रश्न केवळ परकीय भाषेच्या वर्गापुरता मर्यादित नाही. मराठ्यांच्या इतिहासाची साधने ज्या भाषांत आहेत, त्यांत पोर्तुगीज ही एक महत्त्वाची भाषा होय. पांडुरंग सखाराम पिसुर्लेकर (१८९४–१९६९) यांनी गोव्यातील पुराभिलेखांच्या आधारे मराठे-पोर्तुगीज संबंधांचे जे संशोधन केले, त्याने या साधनांचे मोल सिद्ध झाले. दुसरीकडे ही भाषा वाचणारा वाचकवर्ग गोव्यातही कमी होत गेला. १९०० साली पोर्तुगीज दैनिक म्हणून सुरू झालेले 'ओ एराल्दो' हे वृत्तपत्र १९८३ साली इंग्रजी झाले, ही घटना या बदलाची निदर्शक आहे. अशा स्थितीत इतिहास, विधी आणि भाषा या विषयांच्या अध्यापकांना मूळ कागद वाचताना पोर्तुगीज व्याकरणाची नेमकी जाण असणे अगत्याचे ठरते.

प्रस्तुत लेखातील पोर्तुगीज शब्दांचे लिप्यंतर स्थूल आहे. पोर्तुगालमधील उच्चारात 'से' हा शब्द जवळजवळ 'स' असा, तर ब्राझीलमधील उच्चारात 'सि' असा ऐकू येतो. लेखनाशी मेळ राहावा म्हणून येथे 'से' हेच रूप वापरले आहे. उदाहरणवाक्ये विवेचनासाठी रचलेली आहेत.

१. आत्मवाचकता : संकल्पना आणि परंपरा

क्रियेचा कर्ता आणि त्या क्रियेचे कर्म एकच असते, तेव्हा ती क्रिया आत्मवाचक होय, अशी या संकल्पनेची सर्वसामान्य व्याख्या केली जाते. 'आई मुलाला पाहते' या वाक्यात पाहणारी आणि पाहिला जाणारा भिन्न आहेत. 'आई आरशात स्वतःला पाहते' या वाक्यात दोन्ही एकच आहेत. पोर्तुगीज भाषेत पहिल्या वाक्यासाठी केवळ क्रियापद, तर दुसऱ्यासाठी क्रियापद आणि 'से' अशी योजना होते.

संस्कृत व्याकरणाशी परिचित असलेल्या वाचकाला येथे आत्मनेपदाचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. उभयपदी धातूंच्या बाबतीत क्रियेचे फळ कर्त्याकडे जात असेल तर आत्मनेपद योजावे, असा विचार पाणिनीने मांडला. 'पचति' म्हणजे दुसऱ्यासाठी शिजवतो आणि 'पचते' म्हणजे स्वतःसाठी शिजवतो, हा भेद त्यातूनच सांगितला जातो. क्रिया कर्त्याकडे वळते, ही कल्पना दोन्हीकडे समान आहे. फरक इतकाच, की संस्कृतात ती क्रियापदाच्या प्रत्ययात सामावलेली आहे, तर पोर्तुगीजमध्ये ती स्वतंत्र सर्वनामाने व्यक्त होते.

पोर्तुगीज 'से' हे लॅटिन भाषेतील 'से' या सर्वनामातून आले. लॅटिनमध्ये ते केवळ तृतीय पुरुषासाठी होते. त्यात लिंगभेद नव्हता आणि वचनभेदही नव्हता. पोर्तुगीजने ही तिन्ही वैशिष्ट्ये जतन केली. लॅटिनमध्ये कर्मणी प्रयोगासाठी क्रियापदाला स्वतंत्र प्रत्यय लागत असत. लॅटिनोद्भव भाषांत ते प्रत्यय लुप्त झाले आणि त्यांच्या कार्याचा एक भाग 'से'कडे आला. 'से'चा अर्थविस्तार का झाला, याचे एक महत्त्वाचे कारण या इतिहासात आहे.

मराठीत आत्मवाचक सर्वनामे म्हणून 'आपण' आणि 'स्वतः' यांचा निर्देश केला जातो. मात्र 'आपण'ची कक्षा 'से'पेक्षा वेगळी आहे. 'रामने सांगितले की आपण येणार नाही' या वाक्यात 'आपण' हा शब्द मुख्य वाक्यातील रामकडे निर्देश करू शकतो. पोर्तुगीज 'से' असे वाक्याची सीमा ओलांडत नाही. ते आपल्याच क्रियापदाच्या कर्त्याशी बांधलेले असते. तसेच 'त्याने आपले पुस्तक घेतले' आणि 'त्याने त्याचे पुस्तक घेतले' हा भेद मराठी सहज करते. पोर्तुगीज 'सेउ' या संबंधवाचक सर्वनामाने तो नीट होत नाही. 'दुसऱ्याचे' असे स्पष्ट सांगायचे झाल्यास 'देले', म्हणजे 'त्याचे', हे रूप वापरावे लागते.

२. रूपव्यवस्था

शब्दकोशात आत्मवाचक क्रियापदाची नोंद 'लावार-से' (अंग धुणे), 'लेवांतार-से' (उठणे), 'सेंतार-से' (बसणे), 'वेस्तीर-से' (कपडे घालणे) अशी असते. 'लावार' म्हणजे धुणे. त्याची वर्तमानकाळातील आत्मवाचक रूपे पुढीलप्रमाणे होतात.

एकवचन : एउ लावो-मे (मी), तु लावास-ते (तू), एले किंवा एला लावा-से (तो किंवा ती).

अनेकवचन : नोस लावामो-नोस (आम्ही, आपण), वोस लावाइस-वोस (तुम्ही, हे रूप आज बोलण्यात विरळ आहे), एलेस किंवा एलास लावांउ-से (ते किंवा त्या).

या रूपांबाबत तीन गोष्टी ध्यानात घ्याव्या लागतात. पहिली गोष्ट अशी, की 'वोसे' (आपण, तुम्ही) हे आदरार्थी किंवा सर्वसाधारण संबोधन अर्थाने द्वितीय पुरुषी असले, तरी व्याकरणाने तृतीय पुरुषी आहे. म्हणून त्याच्यासोबत 'से' येते. मराठीत 'आपण बसावे' असे म्हणताना होणारी औपचारिकता येथे उपयुक्त तुलना ठरते. दुसरी गोष्ट म्हणजे प्रथम पुरुषी अनेकवचनात 'लावामोस' या रूपातील अंत्य 'स' 'नोस'पूर्वी गळतो. तिसरी गोष्ट अशी, की शब्दकोशातील 'से' हे नमुन्यादाखल असते. वाक्यात ते कर्त्यानुसार बदलावे लागते. 'मी उठणार आहे' यासाठी 'वोउ लेवांतार-मे' असे म्हणावे लागते. कोशातील रूप जसेच्या तसे ठेवून 'वोउ लेवांतार-से' असे लिहिणे ही नवशिक्याची ठळक चूक होय.

संयुक्त काळांत पोर्तुगीज आपले वेगळेपण राखते. फ्रेंच भाषेत आत्मवाचक क्रियापदांसाठी 'असणे' या अर्थाचे साहाय्यक क्रियापद येते. पोर्तुगीजमध्ये मात्र 'तेर' (जवळ असणे) हेच साहाय्यक कायम राहते. उदाहरणार्थ, 'तिन्या-से लेवांतादो' म्हणजे 'तो उठला होता'. फ्रेंच शिकलेल्या अध्यापकाने हा फरक आवर्जून लक्षात ठेवावा.

३. 'से'ची सहा कार्ये आणि त्यांचे मराठी पर्याय

(अ) शुद्ध आत्मवाचक : कर्ता स्वतःवरच क्रिया करतो. 'ओ मेनिनो लावा-से' म्हणजे 'मुलगा अंग धुतो'. 'एला वे-से नो एस्पेल्यो' म्हणजे 'ती आरशात स्वतःला पाहते'. या दोन वाक्यांपैकी दुसऱ्यातच मराठीला 'स्वतःला' या शब्दाची गरज भासते. उठणे, बसणे, अंग धुणे, केस विंचरणे या नित्याच्या क्रियांत मराठी 'स्वतःला' म्हणत नाही. 'त्याने स्वतःला उठवले' हे वाक्य मराठीत वेगळाच, निग्रहाचा अर्थ देते. काही वेळा हे कार्य मराठीत 'घेणे' या साहाय्यक क्रियापदाने होते, जसे 'आवरून घेणे', 'कापून घेणे'. शरीराच्या अवयवांबाबत तर पोर्तुगीज आणि मराठी अधिक जवळ येतात. 'मी हात धुतो' यासाठी 'लावो आस मांउस' इतकेच पुरते. इंग्रजीप्रमाणे 'माझे' हा शब्द लागत नाही. इंग्रजीच्या माध्यमातून पोर्तुगीज शिकणारा मराठी विद्यार्थी तो उगाच घालतो.

(आ) परस्परवाचक : कर्ते एकापेक्षा अधिक असतात आणि क्रिया एकमेकांवर होते. 'एलेस आब्रासांउ-से' म्हणजे 'ते एकमेकांना आलिंगन देतात'. मराठीत 'एकमेकांना' किंवा 'परस्परांना' हे शब्द अनिवार्य असतात. पोर्तुगीजमध्ये तेच 'से' पुरते. संदिग्धता टाळावयाची असल्यास 'उम आओ ओउत्रो' (एकमेकांना) किंवा 'आ सी मेस्मोस' (स्वतःला) अशी पुस्ती जोडतात.

(इ) अवस्थांतरवाचक : क्रिया आपोआप घडल्यासारखी दाखवली जाते. 'ओ मेनिनो पार्तिउ ओ कोपो' म्हणजे 'मुलाने पेला फोडला'. 'ओ कोपो पार्तिउ-से' म्हणजे 'पेला फुटला'. येथे मराठीची व्यवस्था विशेष सुरेख आहे. फोडणे-फुटणे, तोडणे-तुटणे, मोडणे अशा सकर्मक-अकर्मक जोड्या मराठीत विपुल आहेत. जे कार्य पोर्तुगीज 'से'ने साधते, ते मराठी धातूच्या स्वरबदलाने किंवा त्याच धातूच्या अकर्मक उपयोगाने साधते. 'पेर्दी आ शावे' म्हणजे 'मी चावी हरवली', आणि 'ओ मेनिनो पेर्देउ-से' म्हणजे 'मुलगा हरवला'. मराठीत दोन्हीकडे 'हरवणे' हेच क्रियापद आहे. ओदन आपोआप शिजतो, लाकूड आपोआप फुटते, असे म्हणताना कर्मच कर्ता होते, ही संस्कृत वैयाकरणांची चर्चा येथे उपयोगी पडते.

(ई) अंगभूत : काही क्रियापदे 'से'वाचून वापरलीच जात नाहीत. 'केइशार-से' (तक्रार करणे), 'आरेपेंदेर-से' (पश्चात्ताप होणे), 'आत्रेवेर-से' (धजणे), 'सुइसिदार-से' (आत्महत्या करणे) ही त्याची उदाहरणे होत. या ठिकाणी 'से'चा स्वतंत्र अर्थ शोधणे व्यर्थ आहे. 'सुइसिदार-से' या क्रियापदात तर 'स्वतः' या अर्थाचे लॅटिन रूप शब्दाच्या आरंभीच आहे, तरीही 'से' येतेच. याच गटाजवळ मनोव्यापाराची क्रियापदे येतात. 'लेंब्रार-से दे' (आठवणे), 'एस्केसेर-से दे' (विसरणे), 'सेंतीर-से' (वाटणे) ही त्यांपैकी प्रमुख होत. 'लेंब्रो-मे दा काझा' म्हणजे 'मला घराची आठवण होते'. 'सिंतो-मे कांसादो' म्हणजे 'मला थकल्यासारखे वाटते'. मराठी अनुभवकर्त्याला चतुर्थीत ठेवते. पोर्तुगीज त्याला प्रथमेत ठेवून त्याचीच छाया 'मे' या रूपाने क्रियापदाला जोडते. मराठीतील 'मला' पाहून पोर्तुगीज वाक्यातील 'मे' सहज सुचते, परंतु क्रियापद प्रथम पुरुषी करण्याचे राहून जाते. 'लेंब्रार' हे 'से'वाचून 'आठवण करून देणे' असा अर्थ देते, हेही लक्षात ठेवावे.

(उ) कर्मणी : 'वेंदेंम-से काझास' म्हणजे 'घरे विकली जातात' अर्थात 'घरे विकणे आहे'. घरे स्वतःला विकत नाहीत, हे उघड आहे. येथे विकणारा अनुल्लेखित आहे आणि क्रियापद 'घरे' या अनेकवचनी नामानुसार चालते. प्रमाण व्याकरण हा मेळ आवश्यक मानते. प्रत्यक्षात मात्र पाट्यांवर आणि बोलण्यात 'वेंदे-से काझास' असे एकवचनी क्रियापदही वारंवार आढळते. शासकीय पोर्तुगीजमधील 'फाझ-से साबेर के' या प्रारंभाची तुलना मराठी शासनव्यवहारातील 'याद्वारे कळविण्यात येते की' या प्रारंभाशी केल्यास दोहोंचा स्वभाव एकच असल्याचे दिसते. कळवणारा कोण, हे वाक्य सांगत नाही.

(ऊ) अनिश्चितकर्तृक : 'विवे-से बेंम आकी' म्हणजे 'येथे सुखाने राहता येते'. 'प्रेसिझा-से दे एंप्रेगादोस' म्हणजे 'नोकर पाहिजेत'. दुसऱ्या वाक्यात नाम अनेकवचनी असूनही क्रियापद एकवचनीच राहते, कारण नामापूर्वी 'दे' हे अव्यय आहे आणि त्यामुळे ते कर्ता होऊ शकत नाही. मराठी व्याकरणातील भावे प्रयोगाशी या रचनेची तुलना करता येते. भावे प्रयोगात क्रियापद कर्त्याशी किंवा कर्माशी मेळ न ठेवता नपुंसकलिंगी एकवचनात स्थिर होते. पोर्तुगीजमध्ये ते तृतीय पुरुषी एकवचनात स्थिर होते. 'दिझ-से के' या रचनेसाठी मराठीत 'असे म्हणतात की' हा अनेकवचनी पर्याय रूढ आहे.

वरील सहा कार्यांचा एकत्र विचार केला असता असे दिसते, की पोर्तुगीजने ज्या अर्थांसाठी एकच सर्वनाम योजले, त्यांसाठी मराठीने सर्वनाम, साहाय्यक क्रियापद, धातूची जोडी, चतुर्थी विभक्ती आणि प्रयोग अशी पाच वेगवेगळी साधने वापरली. मराठीकडे या अर्थांची वानवा नाही. फक्त त्यांची विभागणी वेगळी आहे.

४. सर्वनामाचे स्थान

'से' आणि त्याची इतर रूपे क्रियापदाच्या तुलनेत तीन ठिकाणी येऊ शकतात.

पहिले स्थान क्रियापदानंतरचे. पोर्तुगालच्या प्रमाण भाषेत साध्या विधानार्थी वाक्यात हेच स्थान असते. 'एउ लेवांतो-मे आस सेते' म्हणजे 'मी सात वाजता उठतो'.

दुसरे स्थान क्रियापदापूर्वीचे. वाक्यात नकार, प्रश्नवाचक शब्द, गौणत्वदर्शक अव्यय अथवा 'जा' (आधीच), 'ताम्बेंम' (सुद्धा), 'सेंप्रे' (नेहमी) यांसारखी क्रियाविशेषणे आली, की सर्वनाम पुढे खेचले जाते. 'नांउ मे लेवांतो आस सेते' म्हणजे 'मी सात वाजता उठत नाही'. नाव विचारताना 'कोमो से शामा?' असे म्हणतात ते याच नियमानुसार. उत्तर देताना मात्र 'शामो-मे' असे म्हणून नाव सांगतात.

तिसरे स्थान क्रियापदाच्या मध्यभागी. भविष्यकाळ आणि संकेतार्थ यांत, सर्वनामाला पुढे खेचणारा शब्द नसल्यास, ते धातुरूप आणि प्रत्यय यांच्यामध्ये शिरते. 'लेवांतार-मे-एइ' म्हणजे 'मी उठेन'. या विलक्षण रचनेचे कारण ऐतिहासिक आहे. पोर्तुगीज भविष्यकाळ मुळात धातुरूप आणि 'असणे, जवळ असणे' या अर्थाचे साहाय्यक क्रियापद अशा दोन स्वतंत्र शब्दांतून तयार झाला. या दोन शब्दांमधील जुना सांधा अद्याप पूर्णपणे बुजलेला नाही. आज ही रचना प्रामुख्याने औपचारिक लेखनात आढळते.

ब्राझीलमध्ये बोलण्यात सर्वनाम बहुधा क्रियापदापूर्वीच येते आणि 'मे शामो' अशी वाक्याची सुरुवातही होते. पारंपरिक व्याकरण वाक्यारंभी अशा सर्वनामाला मनाई करते. शाळेतील व्याकरण आणि लोकांची बोली यांतील या तफावतीवर ओस्वाल्द दे आंद्रादे यांनी १९२५ साली प्रकाशित झालेल्या 'पाउ ब्राझिल' या संग्रहातील 'प्रोनोमिनाइस' या कवितेत मार्मिक भाष्य केले. ब्राझीलच्या काही भागांत, विशेषतः मिनास जेराइसमध्ये, बोलण्यात हे सर्वनाम गाळण्याकडेही कल दिसतो. मात्र क्रियापदापूर्वीचे स्थान हा बिघाड मानता येत नाही. सोळाव्या-सतराव्या शतकांतील पोर्तुगीज गद्यात साध्या विधानार्थी वाक्यातही ते वारंवार आढळते. क्रियापदानंतरचे स्थान पोर्तुगालमध्ये सार्वत्रिक झाले, ते त्यानंतरच्या काळात. जुन्या कागदपत्रांच्या वाचकाला म्हणूनच दोन्ही स्थानांची सवय असावी लागते.

५. कागदपत्रांतील अर्थनिर्णय

१७३९ साली चिमाजीअप्पांच्या नेतृत्वाखाली मराठ्यांनी वसई जिंकली. अशा प्रसंगाशी संबंधित पोर्तुगीज मजकूर वाचताना 'एंत्रेगार' (देणे, सुपूर्द करणे) हे क्रियापद समोर येणे अपेक्षितच आहे. त्याची पुढील वाक्ये विचारात घ्यावीत.

(१) ओ कापितांउ एंत्रेगोउ-से. अर्थ : कप्तान शरण गेला.
(२) एंत्रेगोउ-से आ कार्ता आओ कापितांउ. अर्थ : पत्र कप्तानाला देण्यात आले.
(३) एंत्रेगारांउ-से आस शावेस. अर्थ : चाव्या सुपूर्द करण्यात आल्या.
(४) एंत्रेगारांउ-से ओस सोल्दादोस. अर्थ : शिपाई शरण गेले, किंवा, शिपायांना ताब्यात देण्यात आले.

पहिल्या तीन वाक्यांत संदेह नाही. पहिल्यात कर्ता मनुष्य असून तो क्रियापदापूर्वी आहे. दुसऱ्या-तिसऱ्यात पत्र आणि चाव्या या निर्जीव वस्तू आहेत, म्हणून रचना कर्मणी ठरते. चौथे वाक्य मात्र दोन्ही अर्थ देते. शिपायांनी स्वेच्छेने शस्त्रे खाली ठेवली, की त्यांच्या वरिष्ठांनी त्यांना शत्रूच्या हवाली केले? इतिहासकाराच्या दृष्टीने या दोन घटना सर्वस्वी भिन्न आहेत. पहिलीत जबाबदारी शिपायांची, दुसरीत वरिष्ठांची. 'से'चा अर्थ यांत्रिकपणे 'स्वतःला' असा घेतला, तर दुसऱ्या अर्थाची शक्यता अनुवादातून नाहीशी होते आणि वाचकाला तिचा पत्ताही लागत नाही. 'मातारांउ-से दोइस ओमेन्स' या वाक्याची स्थिती अधिक बिकट आहे. दोन माणसे मारली गेली, दोघांनी एकमेकांना ठार केले, किंवा दोघांनी आत्महत्या केली, असे तीन अर्थ त्यातून निघू शकतात.

जुन्या हस्तलिखितांत आणखी काही अडचणी असतात. आजच्या मुद्रणातील संयोगचिन्ह तेथे सहसा नसते आणि सर्वनाम क्रियापदाला जोडूनच लिहिलेले असते. त्यामुळे 'एंत्रेगा-से' (दिले जाते) आणि 'एंत्रेगासे' (त्याने द्यावे, दिले असते तर) ही दोन रूपे एकसारखी दिसू शकतात. आघाताचे स्थान भिन्न असले, तरी लेखनात ते दिसत नाही. आजच्या पोर्तुगीज शाळकरी मुलांच्या लेखनातही या दोन रूपांची गल्लत प्रसिद्ध आहे. याखेरीज 'से' हा शब्द 'जर' या अर्थाचे अव्ययही आहे. 'से से वेंदे आ काझा' या वाक्यातील पहिले 'से' म्हणजे 'जर' आणि दुसरे कर्मणी रचनेतील. 'जर घर विकले जात असेल' असा त्याचा अर्थ होतो. दस्तऐवजांच्या अखेरीस येणारे 'लाव्रोउ-से' हे रूपही असेच फसवे आहे. ते 'लावार' (धुणे) या क्रियापदाचे नसून 'लाव्रार' (दस्त तयार करणे) या क्रियापदाचे आहे. 'लेख तयार करण्यात आला' असा त्याचा अर्थ होतो.

आधुनिक प्रमाण भाषेत कर्मणी 'से'सोबत कर्त्याचा उल्लेख केला जात नाही. सोळाव्या शतकातील भाषेत मात्र 'पोर' (कडून) या अव्ययाने कर्ता सांगितलेला आढळतो. लुईस दे कामोएंस यांच्या १५७२ साली प्रकाशित झालेल्या 'ओस लुझियादास' या महाकाव्यातही अशी रचना आहे. तेव्हा जुन्या मजकुरात 'से'नंतर 'पोर' आल्यास रचना कर्मणी असण्याची शक्यता प्रथम तपासावी.

अर्थनिर्णयासाठी पुढील क्रम उपयुक्त ठरतो.

१. 'से' हे सर्वनाम आहे, की 'जर' या अर्थाचे अव्यय, हे पाहावे. जुन्या लेखनात ते क्रियापदाचा प्रत्यय तर नाही ना, हेही तपासावे.
२. कोशात ते क्रियापद केवळ 'से'सहित दिलेले असल्यास ते अंगभूत समजावे आणि 'से'चे स्वतंत्र भाषांतर करू नये.
३. क्रियापद एकवचनी असून नामापूर्वी अव्यय असल्यास, किंवा क्रियापद अकर्मक असून कर्ताच नसल्यास, रचना अनिश्चितकर्तृक मानावी.
४. कर्ता निर्जीव असल्यास कर्मणी किंवा अवस्थांतरवाचक अर्थ घ्यावा. कोणी तरी ती क्रिया केली असणे अटळ असेल तर कर्मणी, अन्यथा अवस्थांतरवाचक.
५. कर्ता सजीव व अनेकवचनी असल्यास शुद्ध आत्मवाचक, परस्परवाचक आणि कर्मणी हे तिन्ही अर्थ संदर्भाच्या कसोटीवर तपासावेत. निर्णय होत नसल्यास तसे टीपेत नमूद करावे.

६. अध्यापनविषयक विचार

पोर्तुगीजचे अध्यापन इंग्रजीच्या माध्यमातून होते, तेव्हा आत्मवाचक क्रियापदांचा आरंभ 'स्वतःला' या अर्थाच्या इंग्रजी सर्वनामांपासून केला जातो. मराठी भाषक विद्यार्थ्यासाठी हा मार्ग वळणाचा ठरतो. इंग्रजीत फुटणे-फोडणे यांसारख्या जोड्या मोजक्याच उरल्या आहेत, अनुभवकर्त्याची चतुर्थी नाही आणि भावे प्रयोगही नाही. मराठीत या तिन्ही गोष्टी आहेत. म्हणून 'पेला फोडला' आणि 'पेला फुटला' या जोडीपासून सुरुवात करून 'से' शिकवल्यास विद्यार्थ्याला आपल्या भाषेतील ज्ञानाचाच आधार मिळतो. त्यानंतर 'कळविण्यात येते' या परिचित साच्यावरून कर्मणी 'से', आणि 'मला आठवते' यावरून अंगभूत 'से' असा क्रम घेता येईल. शुद्ध आत्मवाचक अर्थ, जो पाठ्यपुस्तकांत प्रथम येतो, तो सर्वांत शेवटी आणि मर्यादित उदाहरणांसह शिकवणे अधिक हितावह ठरेल.

निष्कर्ष

१. पोर्तुगीज 'से' हे केवळ 'स्वतःला' या अर्थाचे सर्वनाम नसून सहा भिन्न कार्ये करणारे व्याकरणिक साधन आहे.
२. मराठीत हीच कार्ये सर्वनाम, साहाय्यक क्रियापद, सकर्मक-अकर्मक धातूंच्या जोड्या, चतुर्थी विभक्ती आणि प्रयोग यांत विभागलेली आहेत.
३. सर्वनामाचे स्थान देश, काळ आणि वाक्यरचना यांनुसार बदलते. एका स्थानाला शुद्ध आणि दुसऱ्याला अशुद्ध ठरवणे ऐतिहासिक दृष्टीने योग्य नाही.
४. जुन्या कागदपत्रांच्या अनुवादात 'से'च्या अर्थनिर्णयावर कृतीची जबाबदारी कोणाची, हा प्रश्न अवलंबून असू शकतो.
५. मराठी भाषकांना हा विषय मराठी व्याकरणाच्या आधारे शिकवणे अधिक फलदायी ठरेल.

समारोप

एका अक्षराएवढ्या सर्वनामात कर्ता दडतो, दुणावतो किंवा नाहीसा होतो. 'शिपाई शरण गेले' असे लिहावे की 'शिपायांना ताब्यात देण्यात आले' असे, हा निर्णय अनुवादकाला त्या एका अक्षरावरून घ्यावा लागतो. तो निर्णय कोशातील पहिल्या अर्थावर न सोडता वाक्याच्या रचनेवरून आणि संदर्भावरून घेतला, तरच मूळ कागदाला न्याय दिल्यासारखे होईल. मराठी व्याकरणाने या कामासाठी लागणारी साधने मराठी वाचकाच्या हाती अगोदरच दिलेली आहेत. त्यांचा जाणीवपूर्वक उपयोग करणे एवढेच काय ते शिल्लक राहते.